रस्त्यावरील अपघात व शेतकऱ्याच्या अवयवाचे मोल

शेतकऱ्याचे भांडवल कोणते, असे कोणी विचारले असता आपण जमीन, विहीर, बैलजोडी, बी-बियाणे यांची नावे घेतो. या यादीत एक भांडवल घालण्यास मात्र आपण नेहमी विसरतो, व ते म्हणजे शेतकऱ्याचे स्वतःचे धड शरीर. बांधीच्या गुडघाभर चिखलात दिवसभर उभे राहणारे पाय, वखर दाबून धरणारे हात, धुऱ्यावर उभे राहून कोणत्या बांधीचे पाणी कोठे फोडावयाचे हे ताडणारे डोळे, हे भांडवल बँकेत तारण ठेवता येत नाही व सातबाऱ्यावर त्याची नोंदही होत नाही. यामुळे ते आहे तोपर्यंत त्याची कोणी मोजदाद करीत नाही, आणि गेल्यावर मोजदाद करावयाची वेळ आली म्हणजे मोजणारे परके असतात. रस्त्यावरील अपघातात हातपाय गमावलेल्या शेतकऱ्यास नुकसानभरपाई देताना ही मोजदाद कशी होते, ती कशी व्हावयास पाहिजे, व तीत आपला स्वतःचा दोष किती, याविषयी चार शब्द लिहिण्याचे आम्ही योजिले आहे.

चंद्रपूर व गडचिरोली हे २६ ऑगस्ट १९८२ पर्यंत एकच जिल्हा होते. जिल्हे दोन झाले तरी रस्त्यांचे दुःख एकच राहिले. घुग्गुस, बल्लारपूर, राजुरा या बाजूस कोळसा. गडचांदूर, कोरपना या बाजूस सिमेंट. आणि २०१६ पासून एटापल्ली तालुक्यातील सुरजागडच्या डोंगरावरील लोहखनिज. हा सर्व माल ज्या वाटेने जातो त्याच वाटेने आपली बंडी, आपली सायकल, आपली शाळेत जाणारी मुले व रोवणीस निघालेल्या बायका जातात. आलापल्ली-आष्टी रस्त्याच्या काठी राहणाऱ्या गावकऱ्यांनी अवजड वाहनांविरुद्ध वारंवार रस्ते का अडविले, हे त्या रस्त्याने एकदा जाऊन आलेल्यास निराळे सांगावयास नको. खाणी व कारखाने नकोत असे आमचे म्हणणे नाही. त्यांनी रोजगार आणला, हे खरे आहे. परंतु त्यांच्या मालाच्या वाहतुकीत ज्याचा पाय जातो, त्याच्या पायाचा हिशेब चोख झाला पाहिजे, एवढेच आमचे मागणे आहे.

हा विषय आम्हास सुचला तो एका जुन्या आठवणीवरून. आमचे आयुष्य महसूल खात्याच्या कारकुनीत गेले. अनेक वर्षांपूर्वी, एका तहसील कचेरीत नकला देण्याचे काम आमच्याकडे असता, पाच एकर धानाच्या जमिनीचा एक खातेदार कुबड्यांवर आला. मालमोटारीच्या धडकेने त्याचा उजवा पाय मांडीपासून काढावा लागला होता. वकिलाने उत्पन्नाचा पुरावा मागितला, म्हणून त्यास सातबारा व आठ-अ यांच्या नकला पाहिजे होत्या. आम्ही त्या त्याच दिवशी करून दिल्या, व एका गरजूचे काम अडविले नाही याचे समाधान मानले. पुढे कित्येक महिन्यांनी तो पुन्हा भेटला तेव्हा त्याने सांगितलेली हकीकत अशी : आम्ही दिलेली नक्कल समोरच्या वकिलाने न्यायाधिकरणापुढे वाचून दाखविली. अपघाताच्या आदल्या वर्षी धान, अपघाताच्या वर्षी धान, त्यापुढील वर्षीही धान. मग अर्जदाराचे नुकसान ते काय झाले? जमीन त्याच्या नावावर जशीच्या तशी आहे, पीकही जसेच्या तसे आहे!

वस्तुस्थिती अशी होती की, अपघाताच्या वर्षी तो मनुष्य चार महिने रुग्णालयात होता, व त्याच्या बांध्या पडीत राहिल्या होत्या. पऱ्हे टाकलेच गेले नव्हते. परंतु पीकपाहणीच्या रकान्यात मागील वर्षाची नोंदच पुढे उतरविण्यात आली होती. शिवारात पाऊल न टाकता पाहणी पत्रक भरण्याचा प्रघात त्या काळी किती रूढ होता, हे आमच्यासारख्या कचेरीत बसलेल्यांस पूर्ण ठाऊक होते. आणि ठाऊक असूनही आम्ही त्या नकलेवर खरी नक्कल म्हणून सही केली. नक्कल खरी होती, नोंद खोटी होती. तो मनुष्य आम्हावर रागावला नाही. ‘बाबू, कागदच असा आहे, तुम्ही तरी काय करणार,’ एवढेच म्हणाला. ते शब्द आम्हास अजून टोचतात, व त्या ऋणाची अंशतः फेड म्हणून हा लेख आहे असे समजण्यास हरकत नाही.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. कारखान्यातील मजुरांस अपघाताची भरपाई देण्याचा कायदा १९२३ साली झाला. त्यास जोडलेल्या परिशिष्टात कोणत्या अवयवामागे कमाईची शक्ती किती टक्के गेली असे धरावे हे नेमून दिले आहे. एका हाताचा अंगठा गेला तर ३० टक्के, अशी ती यादी आहे. परंतु आपल्या जमिनीवर आपणच राबणारा शेतकरी कोणाचा नोकर नाही, सबब ती यादी त्यास लागू नाही. मोटारींविषयीचा कायदा १९३९ साली झाला, १९५६ च्या दुरुस्तीने अशा दाव्यांसाठी न्यायाधिकरणे नेमण्याची सोय झाली, व १९८८ चा कायदा १ जुलै १९८९ पासून अमलात आला. या कायद्याने ठराविक यादी दिलेली नाही. न्यायाधिकरणाने ‘न्याय्य’ वाटेल ती भरपाई द्यावी, असे म्हटले आहे. न्याय्य हा शब्द थोर आहे, परंतु त्याचा अर्थ पुराव्यावर अवलंबून राहतो, आणि पुराव्याच्या बाबतीत शेतकऱ्यासारखा दरिद्री कोणी नाही.

सर्वोच्च न्यायालयाने १८ ऑक्टोबर २०१० रोजी राजकुमार विरुद्ध अजयकुमार या प्रकरणात जो निर्णय दिला, तो प्रत्येक शेतकऱ्याने ध्यानात ठेवावा असा आहे. वैद्यकीय दाखल्यावरील अपंगत्वाचा टक्का आणि कमाईची शक्ती किती टक्के गेली, या दोन गोष्टी एक नव्हेत, असे त्यात स्पष्ट सांगितले आहे. न्यायाधिकरणाने प्रथम पाहावे की, आता त्यास कोणती कामे करता येतात व कोणती येत नाहीत. नंतर पाहावे की, अपघातापूर्वी तो मनुष्य कोणता धंदा करीत होता. आणि शेवटी ठरवावे की, त्याच्या कमाईवर प्रत्यक्ष परिणाम किती झाला. वाहनचालकाचा किंवा सुताराचा डावा हात गेला तर त्याचा धंदाच बुडाला. तोच हात कारकुनाचा गेला तर कदाचित त्याची नोकरी टिकेल. हे उदाहरण वाचताना आम्ही क्षणभर थांबलो, कारण आम्ही कारकून होतो. आमचा एक पाय गेला असता तरी आमचा पगार चालू राहिला असता व निवृत्तिवेतनही मिळाले असते. त्या कुबड्यांवर आलेल्या खातेदाराचे तसे नव्हते.

याच तत्त्वावर पुढे २०१४ साली, पाय मांडीपासून गमावलेल्या एका भाजीविक्रेत्याच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाने कमाईच्या शक्तीची हानी ८५ टक्के धरली. २०१८ साली दोन्ही हात निकामी झालेल्या एका सुताराच्या बाबतीत दाखल्यावर ९० टक्के अपंगत्व असता हानी संपूर्ण, म्हणजे १०० टक्के, मानली. भाजीविक्रेत्यास टोपली घेऊन फिरावे लागते म्हणून ८५ टक्के, तर धान रोवणाऱ्यास काय म्हणावे? कृत्रिम पाय लावून डांबरी सडकेवर चालता येईल, परंतु चिखलणी केलेल्या बांधीत तो पाय रुतून बसतो. अरुंद धुऱ्यावरून कुबडी घेऊन जाता येत नाही. कापसाच्या ओळीत डवरा धरून चालण्यास दोन्ही पाय सारखे लागतात. मळणीयंत्रात पेंढी सारताना तोल गेला तर दुसरा अपघात ठरलेलाच. हे सर्व आपणास इतके उघड वाटते की, न्यायाधिकरणापुढे सांगण्याचेही कोणास सुचत नाही. परंतु न्यायाधीश शेतकरी असतीलच असे नाही. वैद्यकीय दाखल्यात ‘डाव्या पायाचे ४० टक्के अपंगत्व’ एवढेच लिहिलेले असते. बांधीत पाय रुततो हे दाखल्यात लिहिलेले नसते. ते अर्जदाराने सांगितले पाहिजे, व शेजारच्या दोन शेतकऱ्यांनी साक्षीत सांगितले पाहिजे.

टक्क्यांच्या या भेदाने रकमेत किती अंतर पडते, हे हिशेबाने पाहिल्यावाचून पटणार नाही. उदाहरणार्थ, ४२ वर्षांचा शेतकरी घ्या. त्याची मासिक कमाई १२,००० रुपये धरली, तर वार्षिक १,४४,००० झाली. स्वतःचा धंदा करणाऱ्या ४० ते ५० वर्षे वयाच्या मनुष्याच्या कमाईत भावी वाढीबद्दल २५ टक्के मिळवावेत, हे २०१७ च्या प्रणय सेठी प्रकरणात ठरले आहे, आणि कायमचे अपंगत्व आलेल्या जिवंत मनुष्यासही ही वाढ मिळते, हे २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले आहे. तेव्हा रक्कम झाली १,८०,०००. या वयास सरला वर्मा प्रकरणातील, २००९ च्या कोष्टकाप्रमाणे, १४ हा गुणक लागतो. गुणाकार २५,२०,०००. आता हानी ४० टक्के धरली तर हातात येतात १०,०८,०००. ८० टक्के धरली तर २०,१६,०००. आणि उत्पन्नाचा पुरावा नाही म्हणून मासिक कमाई ८,००० च धरली व टक्काही ४० च राहिला, तर सर्व हिशेब ६,७२,००० वर येऊन थांबतो. मनुष्य तोच, पाय तोच, वय तेच. कागद व साक्ष यांच्या फरकाने एका कुटुंबाचे जवळजवळ साडेतेरा लाखांचे अंतर पडले. याखेरीज औषधोपचाराचा झालेला व पुढे होणारा खर्च, उपचाराच्या काळातील बुडालेली कमाई, वेदना व जीवनातील सुखाची हानी, जन्मभर सोबतीस माणूस लागत असेल तर त्याचा खर्च, या सदरांखाली निराळी रक्कम मागता येते. अर्जात कमी मागितले म्हणून जास्त देता येत नाही असेही नाही, तरी मागताना संकोच करू नये हे बरे.

आता त्या जुन्या आक्षेपाकडे वळू, की जमीन तर राहिली, मग नुकसान कसले? हा आक्षेप निव्वळ कुटिल आहे असे आम्ही म्हणणार नाही. सर्वोच्च न्यायालयानेच २००३ साली, एका मृत शेतकऱ्याच्या वारसांच्या दाव्यात, जमीन वारसांकडेच राहते, तेव्हा शेतीचे सर्व उत्पन्न बुडाले असे धरता येत नाही, देखरेखीसाठी माणूस ठेवावा लागेल एवढे नुकसान मानावे, अशा आशयाचे मत दिले आहे. यात एक सत्य आहे. जमिनीस स्वतःचे मोल आहे, व मालकाचा पाय गेल्याने ते जात नाही. परंतु पाच एकरांचा मालक केवळ मालक नसतो. तोच मजूर, तोच सालदार, तोच बैलांचा धनी व तोच रात्री रानडुकरे हाकणारा राखणदार असतो. पन्नास एकरांच्या धन्यास लागू पडणारा न्याय पाच एकरांच्या कष्टकऱ्यास लावला, तर तो न्याय राहत नाही.

हे नुकसान मोजण्याची रीत आपल्याच गावात आहे, ती कोठून आणावयास नको. ज्यास स्वतः जमीन वाहता येत नाही तो ती बटईने देतो, व अर्धे पीक दुसऱ्याच्या घरी जाते. जे अर्धे राहते ते जमिनीचे. जे गेले ते हातपायांचे. अपघातापूर्वी स्वतः वाहणारा मनुष्य अपघातानंतर बटईने देऊ लागला, तर त्याच्या अवयवांची वार्षिक किंमत किती होती हे त्या बटईच्या करारानेच सांगितले. त्याशिवाय रिकाम्या दिवसांत तो दुसऱ्याकडे मजुरीस जात असे, उन्हाळ्यात मोह व तेंदूपाने गोळा करीत असे, ते उत्पन्न निराळेच बुडाले. न्यायाधिकरणापुढे ही मांडणी करावयाची तर बटईचा करार कागदावर पाहिजे, मजुरांस दिलेल्या पैशाच्या पावत्या पाहिजेत, धान विकल्याच्या पट्ट्या पाहिजेत. आपण या तिन्ही गोष्टी तोंडी करतो, व मग न्याय आंधळा म्हणून बोटे मोडतो.

स्त्रियांच्या बाबतीत तर हा अंधार अधिक आहे. जमीन नवऱ्याच्या नावावर, म्हणून ती शेतकरी नव्हे. मजुरी दुसऱ्याकडे करीत नाही, म्हणून ती मजूरही नव्हे. मात्र रोवणी, निंदणी, कापणी, गुरे, चूल, मुले हे सर्व तीच करते. घरातील स्त्रीच्या कामास पैशात मोल आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० व पुन्हा २०२१ साली सांगितले आहे. आपल्या पत्नीचा हात गेला असता ‘ती घरीच असते’ असे जबानीत सांगणारा नवरा स्वतःच्याच दाव्याचे मूळ तोडतो.

यापुढे मुदतीविषयी. २०१९ च्या दुरुस्तीने, व १ एप्रिल २०२२ पासून अमलात आलेल्या तरतुदीने, अपघातापासून ६ महिन्यांच्या आत दावा दाखल केला पाहिजे, असे झाले आहे. ज्याचा पाय गेला त्याचे पहिले चार महिने खाटेवर जातात, हे ज्यांनी मुदत घातली त्यांच्या ध्यानात आले नसावे. या तरतुदीस सर्वोच्च न्यायालयात आव्हान देण्यात आले, व नोव्हेंबर २०२५ मध्ये, केवळ मुदत टळली या कारणावरून दावे फेटाळू नयेत असा अंतरिम आदेश झाला. तथापि अंतरिम आदेशाच्या भरवशावर कोणी स्वस्थ बसू नये. अपंगत्वाचा अखेरचा दाखला मिळेपर्यंत थांबण्याचेही कारण नाही. दावा आधी दाखल करावा, दाखला मागाहून जोडावा. दावा अपघात जेथे झाला तेथेच लावावा लागतो असे नाही. अर्जदार राहतो तेथील न्यायाधिकरणापुढेही लावता येतो. सिरोंच्याच्या मनुष्यास तेलंगणात धडक बसली तरी त्यास आपल्या जिल्ह्यात दाद मागता येते. पोलिसांनी अपघाताचा सविस्तर अहवाल तीन महिन्यांच्या आत न्यायाधिकरणास पाठवावा असाही नियम आहे. तो पाठविला की नाही, याची चौकशी करण्याचा आपणास हक्क आहे.

आणखी काही गोष्टी थोडक्यात सांगतो. मे २०२५ मध्ये केंद्र सरकारने लागू केलेल्या योजनेप्रमाणे रस्त्यावरील अपघातात जखमी झालेल्यास, पहिल्या सात दिवसांत दीड लाख रुपयांपर्यंतचे उपचार नेमलेल्या रुग्णालयात रोख पैसे न भरता मिळतात. धडक देऊन पळालेले वाहन सापडले नाही, तर गंभीर जखमीस ५०,००० रुपये मिळतात, व त्यासाठीचा अर्ज महसूल अधिकाऱ्याकडे करावयाचा असतो. चूक कोणाची हे सिद्ध न करता गंभीर इजेसाठी अडीच लाख रुपये घेण्याची वाट कायद्यात आहे. परंतु ती रक्कम स्वीकारली म्हणजे मोठ्या भरपाईचा दावा संपुष्टात येतो, हे कोणी सांगत नाही. बोट मोडलेल्याने ती वाट धरावी. पाय गेलेल्याने दहादा विचार करावा. महाराष्ट्र शासनाच्या गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजनेत एक अवयव किंवा एक डोळा गेल्यास १ लाख, दोन गेल्यास २ लाख मिळतात. १० ते ७५ वर्षे वयाचा खातेदार व त्याच्या कुटुंबातील एक व्यक्ती यास पात्र आहे, व अर्ज ३० दिवसांत तालुका कृषी अधिकाऱ्याकडे गेला पाहिजे. वर्षाला २० रुपये भरून बँकेमार्फत घेता येणारा प्रधानमंत्री सुरक्षा विमा तर बिडीच्या खर्चाहून स्वस्त आहे.

आपल्या जिल्ह्यांत एक तुलना सहज सुचते. वाघाने किंवा रानडुकराने हल्ला करून मनुष्यास कायमचे अपंग केले, तर वन विभागाकडून २०२३ च्या शासन निर्णयाप्रमाणे साडेसात लाख रुपये मिळतात. तेथे कोणी विचारीत नाही की, जमीन तर राहिली ना? वाघाच्या पंजाचा हिशेब ज्या सरळपणाने होतो, त्या सरळपणाने मोटारीच्या चाकाचा का होऊ नये?

येथपर्यंत आम्ही इतरांकडे बोट दाखविले. आता आपल्याकडे वळतो, कारण या पत्राचे वाचक अपघातात सापडणारे जसे आहेत, तसे वाहनांचे मालकही आहेत. रोवणीच्या दिवसांत ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत वीस-पंचवीस बायका उभ्या करून नेणारे आपणच आहोत. ट्रॅक्टरचा विमा शेतीकामापुरता असतो. ट्रॉलीत बसलेल्या माणसांचा त्यात समावेश नसतो. ट्रॉली उलटली असता विमा कंपनीवर जबाबदारी येत नाही, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली दिला आहे. मग जी मजूर स्त्री जन्माची अधू झाली तिची भरपाई ट्रॅक्टरच्या मालकाच्या जमिनीतून वसूल होणार, व ती रक्कम वर केलेल्या हिशेबाप्रमाणे लाखांत असणार. त्याहून वाईट हे की, मालकाकडे देण्यासारखे काही नसले, तर त्या बाईच्या हाती निकालाचा कागद तेवढा पडतो. दुचाकीचा विमा संपला तरी ती मुलाच्या हाती देणे, गाडी विकूनही नाव बदलून न देणे, रात्री बंडीस मागे कंदील अथवा चमकणारी पट्टी न लावता राज्यमार्गावर काढणे, सडकेवर धान वाळत घालून दोन्ही बाजूंस दगड ठेवणे, ही सर्व पापे आपल्या गावात रोज होतात. मोटारवाल्यास निष्काळजी म्हणताना आपल्या ट्रॉलीतील बायका आठवाव्यात.

भरपाई हाती आल्यावरही संकट टळत नाही. एकरकमी पैसा घरात आला की दूरचे आप्त जवळ येतात. रुग्णालयाच्या दारातच भेटून ‘अर्धे आमचे’ असा सौदा करणारे दलाल आधीपासून वाट पाहतच असतात. मिळालेल्या रकमेच्या हिश्शावर काम घेण्यास वकिलांना त्यांच्याच नियमांनी मनाई आहे, हे जाणून असावे. रकमेचा मोठा भाग मुदत ठेवीत ठेवून तिचे व्याज दरमहा मिळावे, अशी विनंती न्यायाधिकरणास आपण होऊन करावी. गेलेला पाय दरमहा कमावीत होता. त्याच्या जागी आलेल्या पैशानेही दरमहा कमवावे, हेच योग्य.

तेव्हा आमच्या सूचना येणेप्रमाणे आहेत. शासनाकडे मागणे असे की, अपंगत्वाचे दाखले देणाऱ्या मंडळाने शेतकऱ्याच्या दाखल्यावर टक्क्यासोबत, ‘चिखलात उभे राहणे, ओझे उचलणे, अवजार धरणे, धुऱ्यावर चालणे’ यांपैकी काय शक्य व काय अशक्य, हे लिहावे. डॉक्टरांची साक्ष आयोगामार्फत घेण्याची वाट २०१० च्या निकालातच दाखविली आहे, तिचा अवलंब व्हावा. भामरागड, सिरोंचा, कोरची येथील पंगू मनुष्यास प्रत्येक तारखेस जिल्ह्याच्या गावी ओढत नेऊ नये. खनिज व कोळशाच्या वाहतुकीसाठी निराळे रस्ते व्हावेत, ही मागणी गावकरी करीतच आहेत. तीस आमचा पूर्ण पाठिंबा आहे.

आपल्या मंडळाकडे मागणे असे की, प्रत्येक सभासदास एक साधी वही द्यावी, तीत त्याने स्वतःच्या कामाचे दिवस, मजुरांस दिलेले पैसे व विकलेला माल लिहावा. अशी वही आपत्तीपूर्वी लिहिलेली असली तरच तिला वजन. मंडळाने दर तालुक्यास दोन जाणते सभासद नेमावेत. अपघात झाला की त्यांनी पहिल्या आठवड्यात घरी जाऊन मुदती सांगाव्यात, पंचनाम्याची प्रत आणून द्यावी व पुढे साक्षीस उभे राहावे.

आणि प्रत्येक खातेदाराकडे मागणे असे की, १५ ऑगस्ट २०२१ पासून राज्यभर ई-पीक पाहणी सुरू झाली आहे, व आपल्या शेतातील पीक आपणच भ्रमणध्वनीवरून नोंदवावयाचे आहे. आता रकाना भरणारा हात कचेरीतला नाही, आपला आहे. ज्या वर्षी जमीन पडीत राहिली त्या वर्षी ‘पड’ अशीच नोंद करावी. शेजाऱ्याने सांगितले म्हणून धान लिहू नये. आमच्या हातून गेलेल्या त्या नकलेत एक शब्द खरा असता, तर एका मनुष्याचा दावा कदाचित वेगळा ठरला असता.

तो खातेदार पुढे आम्हास भेटला नाही. त्याची जमीन त्याच्या नावावर आहे की गेली, हे पाहण्यासाठी त्या गावचे अभिलेख उघडण्याचे धैर्य नोकरीत असेपर्यंत आम्हास झाले नाही. वाचकांनी आमच्यासारखे उशिरा शहाणे होऊ नये, एवढीच विनंती करून लेखणी ठेवतो.